पाहुणीचं वावर

सिस्टरांकडे मिक्सर बिघडत नसे. तो ‘सिरीयस’ होत असे. गॅसची शेगडी ‘ऑब्झर्व्हेशन’ला असे. एकदा इस्त्रीची वायर जळाली तेव्हा त्यांनी घड्याळाकडे बघून “दहा वाजून वीस मिनिटं” असं जाहीर केलं आणि मगच प्लग काढला. एकतीस वर्षं सरकारी दवाखान्यांत नोकरी करून त्या निवृत्त झाल्या होत्या, पण घड्याळ अजून मनगटाच्या आतल्या बाजूला बांधत. तशी सवय नर्सांना असते, नाडी मोजताना काटा समोर राहावा म्हणून.

मी त्यांची भाडेकरू. जानेफळहून बुलडाण्याला एका कम्प्युटर क्लासवर शिकवायला आले, तेव्हा त्यांच्या घराची मागची खोली घेतली आणि पावणेतीन वर्षं तिथंच राहिले. गल्लीत त्यांना कोणी नावानं हाक मारत नसे. दूधवाल्यापासून नगरसेवकापर्यंत सगळे ‘सिस्टर’च म्हणत. मीही तेच म्हणायला लागले.

पहिल्या दिवशी त्यांनी मला किल्ली दिली आणि नळाची वेळ सांगितली. मी मान हलवली.

“मान नको हालवू. तोंडानं म्हन.”

“नळ चौथ्या दिवशी, सकाळी सहाला.”

“आन् टाकीचा कॉक?”

“आधी उघडायचा.”

“हाव. जाय आता.”

कोणतीही सूचना समोरच्यानं परत म्हणून दाखवली पाहिजे, हा त्यांचा एक नियम. दुसरा नियम त्याहून कडक होता: नवी पट्टी हातात असल्याशिवाय जुनी सोडायची नाही. ओसरीतला बल्ब गेला तर नवा आधी स्वयंपाकघरात लावून बघायचा, तो पेटला की मगच ओसरीतला जुना काढायचा. नवा झाडू आला तरी जुना आठवडाभर दाराआड उभा असायचा. मी एकदा हसले तर म्हणाल्या, “नवा कसा निघते, कोनाले माहीत? जुनं फेकाले काय, घटकाभर लागते.”

त्यांचं लग्न झालेलं नव्हतं. काऊन, असं विचारणाऱ्या बाईचा त्या रक्तदाब तपासत. खरंच तपासत, यंत्र आणून, पट्टा बांधून, आकडा मोठ्यानं सांगून. मग ती बाई पुन्हा विचारत नसे.

आणि त्यांना वावर होतं. टॅबवर.

शेतीचा एक गेम असतो. चौकोनी वाफ्यांत गहू, मका पेरायचा. तो आपल्या ठरल्या वेळात पिकतो. कापायचा, कोंबड्यांना दाणा घालायचा, गायींना चारा. आजूबाजूला शेजाऱ्यांची वावरं असतात, ती खरी माणसं कुठून कुठून खेळत असतात. शेजाऱ्याचं झाड वाळलं तर आपण जाऊन त्याला पाणी घालू शकतो. सिस्टर सात वर्षांपासून हे वावर करत होत्या. एकशे बाराव्या पायरीवर पोचल्या होत्या. पहाटे पाचला, दुपारी एकला आणि दिवेलागणीला, अशा त्यांच्या तीन ड्युट्या होत्या. साबणानं हात धुवायच्या, कोरडे करायच्या, दार लोटायच्या. तेव्हा कोणी आलं तर मी सांगायचे, “सिस्टर वावरात गेल्या.” गल्लीतल्या बाया तोंडाला पदर लावून हसत.

त्या गेममध्ये हिरे खर्चून पीक एका क्षणात तयार करता येतं. हिरे त्यांच्याकडे ढिगानं साचले होते. मी म्हटलं, वापरा की. त्यांनी चष्म्यावरून बघितलं. “घाईनं बाळंतपन केलं तं काय होते, मालूम आहे तुले?”

हा नुसता वेळ घालवायचा खेळ नव्हता, हे मला फार उशिरा कळलं. सिस्टर मूळच्या देऊळघाटच्या. त्यांच्या वडिलांनी जन्मभर दुसऱ्याच्या वावरात सालदारकी केली. सिस्टरांना नोकरी लागल्यावर त्यांनी आणि धाकट्या भावानं मिळून गावालगत दोन एकर घ्यायचं ठरवलं. खरेदीच्या दिवशी सिस्टरांची ड्युटी होती. भाऊ एकटा गेला आणि सातबाऱ्यावर एकट्याचं नाव लागलं. “लावू नंतर,” तो म्हणाला. हे ‘नंतर’ बरीच वर्षं चाललं. वडील गेल्यावर सिस्टरांनी पुन्हा विषय काढला तेव्हा भाऊ म्हणाला, “अक्का, तुले मागं कोन आहे? कायले पाहिजे तुले नाव?”

त्या उठल्या, चप्पल घातली आणि बुलडाण्याला निघून आल्या. त्यानंतर अकरा वर्षं त्या देऊळघाटला गेल्या नव्हत्या.

भावाचा मुलगा मात्र बुलडाण्याला आयटीआय करत असताना दुपारी त्यांच्याकडे जेवायला येई. त्या पोरानंच टॅबवर हा गेम टाकून दिला होता. वावराच्या पाटीवर ‘आत्याचं वावर’ असं नावही त्यानंच घातलं आणि स्वतःच्या फोनवरचं वावर त्यांच्या शेजारी जोडून दिलं. पुढे तो पुण्याला कंपनीत लागला. त्याच्या वावरातून कोणीतरी रोज येऊन सिस्टरांच्या झाडांना पाणी घालून जात असे. “पोरगं आठवन ठेवते,” असं त्या म्हणत.

दिवाळी होऊन गेली होती. एका रविवारी सकाळी गेम उघडेना. कंपनीचं चित्र यायचं आणि तिथंच अडकायचं. सिस्टरांनी टॅब बंद करून चालू केला, अर्धा तास झाकून ठेवला, पुन्हा लावला. मग माझ्या दारात आल्या.

मी बघितलं. “काढून परत टाकावा लागेल.”

“काढायच्या पहिले सांग, जुनं कुठं ठेवशीन?”

“सगळं सर्व्हरवर असतं सिस्टर. कंपनीकडे.”

“तू पाह्यलं?”

“पाहायचं काय त्यात? मी रोज हेच शिकवते.”

“म्हन मंग परत.”

“सगळं सर्व्हरवर असतं.”

त्यांनी टॅब माझ्या हातात दिला आणि वंदनेला विहारात निघून गेल्या. जाताना फाटकापाशी एकदा थांबल्या, वळून बघितलं, आणि गेल्या.

मी बोट दाबून धरलं. टॅबनं विचारलं: अ‍ॅपसोबत त्यातली माहितीही जाईल, चालेल का? क्लासमध्ये दिवसातून दहा वेळा मी असल्या प्रश्नांना ‘हो’ म्हणते. म्हटलं. मग गेम नव्यानं उतरवला. तो छान उघडला. टोपी घातलेला एक शेतकरी आला, त्यानं माझं स्वागत केलं आणि एक मोडकी झोपडी व गव्हाचे तीन वाफे दाखवून म्हणाला, चला, सुरुवात करू या.

मला आधी वाटलं, थोड्या वेळात येईल सगळं. मग मी खातं शोधायला लागले. खातं नव्हतंच. कंपनीच्या मदतीच्या पानावर स्पष्ट लिहिलं होतं: खातं न जोडता खेळणारा तो ‘गेस्ट’, आणि गेस्टचं वावर त्या उपकरणावरच्या त्या गेमपुरतंच बांधलेलं असतं. गेम काढण्याआधी खातं जोडून घ्या, जोडलं गेल्याची खात्री करा, वावराचा कोड लिहून ठेवा. नाहीतर परत जाण्याची वाट राहत नाही. दोन मिनिटांचं वाचन होतं. मी ते काढायच्या आधी करायला हवं होतं, आणि मी ते नंतर करत होते.

फाटक वाजलं.

“झालं?”

“डाउनलोड होऊन राह्यलं,” मी म्हटलं.

सोमवारी म्हटलं, नेट स्लो आहे. सोमवारी संध्याकाळी म्हटलं, कंपनीचा सर्व्हर बंद आहे, सगळ्यांचंच असं झालंय. टॅब मी माझ्या खोलीत उशाखाली ठेवला होता. पहाटे पाचला नळावर हात धुतल्याचा आवाज यायचा, मग त्या रिकाम्या हातांनी ओसरीत बसून राहायच्या. एकला तेच. दिवे लागले की तेच. त्या शेतकऱ्याच्या स्वागताचा आवाज कानात वाजत होता.

मंगळवारी क्लासला निघाले तर त्या ओसरीच्या पायरीशी उभ्या होत्या.

“हात दे.”

मला वाटलं काही उचलायचं असेल. त्यांनी माझं मनगट धरलं, दोन बोटं नाडीवर ठेवली आणि आपल्या घड्याळात बघत विचारलं, “वावर कुठं आहे?”

“सिस्टर, सर्व्हर…”

“बोलत राय. मी मोजून राह्यली.”

त्यांनी पूर्ण मिनिट मोजलं. रस्त्यावरून एक रिक्षा गेली, शेजारच्या घरात कुकरची शिट्टी झाली, आणि तरी ते मिनिट संपेना.

“एकशे चौदा,” त्या म्हणाल्या. हात सोडला नाही. “आता सांग.”

मी सांगितलं. गेस्टचं सांगितलं, विचारलेला प्रश्न आणि माझं ‘हो’ सांगितलं, दोन दिवसांच्या थापा सांगितल्या. रडू येत होतं, पण त्यांच्या हातात हात असताना रडायचीही सोय नव्हती.

“गेस्ट म्हंजे?”

“पाहुणा.”

त्या खाली पायरीवर बसल्या. “सात वर्सं मी माह्याच वावरात पाहुनी होती?”

“ते खातं जोडा म्हणून विचारत असतं सिस्टर मधून मधून…”

“विचारे तं खरं. मी ‘नंतर’ दाबो.” त्यांनी आपल्या तळहाताकडे बघितलं. “न वाचता सही नाही करायची म्हनून ‘नंतर’ दाबो. वाचलं बी नाही कधी.”

मी माफी मागायला लागले. त्यांनी बोट वर केलं.

“नोकरीचं दुसरं वर्स होतं. एका बाईले मीनं दुसऱ्याच बाईचं इंजेक्शन देल्लं. सुई हातातच होती, तशीच डॉक्टरकडे पयाली. बाई वाचली. मले मेमो भेटला, चार जनांसमोर बोलनं खाल्लं. चुकीनं पेशंट कमी मरते पोरी. लपोल्यानं मरते.” मग उठल्या. “रविवारीच सांगतलं असतं तं तीन दिवस मी तुह्यावर भरोसा ठेवून बसली नसती. बस. आता काय कराचं ते बोल.”

करायचं एवढंच होतं की कंपनीला लिहायचं. पण कंपनी वावराचा कोड मागत होती, आणि तो सिस्टरांनी कधी बघितला नव्हता. गेममध्ये कोड दोनच ठिकाणी दिसतो, स्वतःच्या वावरात आणि शेजाऱ्याच्या यादीत.

“मंग भाच्याकडे असन,” सिस्टर म्हणाल्या आणि लगेच फोन लावला.

भाचा हसला. “आत्या, मीनं तं तो गेम कधीचाच सोडला. तो जुना फोन आईपाशी आहे. तेच खेयते.”

सिस्टरांनी फोन कानापासून दूर धरला, जणू तो तापला होता. म्हणजे रोज येऊन झाडांना पाणी घालणारी त्यांची भावजय होती. तिच्या त्या फोनमध्ये सिम नव्हतं. घरात बोलायचा फोन एकच, भावाचा. मी म्हटलं, भावाच्या फोनवर लावून वहिनींना बोलवा, मी सांगते त्यांना फोटो कसा काढायचा.

“त्याच्या फोनवर मी बोलनार नाही,” सिस्टर म्हणाल्या. “जाऊन येऊ. तो वावरात गेल्यावर.”

बुधवारी मी क्लासला सुट्टी टाकली. दहाच्या सुमारास आम्ही ऑटोनं देऊळघाटला उतरलो. सिस्टरांनी पांढरी साडी नेसली होती आणि खांद्याला बॅग होती, एखाद्या कँपला निघाल्यासारखी. गल्लीच्या तोंडाशी त्यांची चाल मंदावली. फाटकाशी त्या थांबल्या, आत जाईनात. मी कडी वाजवली.

भावजय बाहेर आली. पीठ लागलेले हात तसेच धरून तिनं घाबरून बघितलं.

“अक्का…”

“कामाले आली,” सिस्टर म्हणाल्या. “तुह्या फोनात माह्या वावराचा नंबर आहे.”

तिच्या चेहऱ्यावरची भीती एकदम गेली. “म्हनूनच मी म्हनो!” ती म्हणाली. “तीन दिवस झाले, तुमचा गहू पिकून उभा आहे, कोनी कापेना. मले वाटलं, तुमाले काही झालं का काय. यायले, तुमच्या भावाले, विचारू तं कसं विचारू?”

ती आत जाऊन फोन घेऊन आली. त्याच्या काचेला तडा गेलेला होता. नेट ती शेजारच्या मुलीकडून घ्यायची, आणि ती मुलगी कॉलेजला गेलेली. मी माझ्या फोनचं नेट जोडून दिलं. ओसरीवर आम्ही तिघी त्या फोनवर वाकलो. कंपनीचं चित्र आलं. मग एक पाटी आली: नवीन आवृत्ती घेतल्याशिवाय पुढे जाता येणार नाही. मी घ्यायला लागले, तर फोन म्हणाला, जागा शिल्लक नाही.

“मागं बी असं झालं होतं,” भावजय म्हणाली. “दुकानवाला म्हने, काढून टाक आन् परत टाक.”

“नाही!” मी आणि सिस्टर एकदमच ओरडलो. ती दचकून मागे सरकली.

जागा कशानं भरली होती ते बघितलं. मुलाच्या लग्नाचा व्हिडिओ होता, लांबलचक. तो हलवला तर नवी आवृत्ती बसत होती.

“मिटवा मंग,” भावजय म्हणाली, पण तिचा आवाज बारीक झाला.

“आधी तुह्या फोनात टाक,” सिस्टर मला म्हणाल्या. “तिथं उघडून पाहू. दिसला तं मंग इथला काढ.”

व्हिडिओ मुंगीच्या पावलानं सरकत होता. अकरा वाजले, साडेअकरा झाले. भावजय दर थोड्या वेळानं गल्लीकडे बघत होती. बाराला भाऊ जेवायला घरी येतो, हे न सांगताही कळत होतं. सिस्टर ओसरीच्या कडेला पाठ ताठ ठेवून बसल्या होत्या. पाणी दिलं ते प्यायल्या, चहाला हात लावला नाही.

पावणेबाराला व्हिडिओ आला. मी सुरू केला आणि लगेच बंद करायला गेले.

“थांब. पुरा आला का नाही, शेवट पाह्य.”

मी पुढे सरकवला. लग्न लागून गेलं होतं, स्टेजवर नवरा-नवरी उभे होते आणि माइकवरचा माणूस एकेका पाहुण्याला बोलावत होता. मामा आले. काका आले. मग तो म्हणाला, “नवरदेवाच्या आत्या, जिथं असतील तिथून स्टेजवर यावं.” कोणी आलं नाही. तो पुन्हा म्हणाला. कॅमेरा मांडवाच्या दारापर्यंत गेला आणि परत आला. तिसऱ्यांदा म्हणाला, मग थोडा थांबून पुढचं नाव घेतलं.

सिस्टर त्या लग्नाला आल्या नव्हत्या. नवरदेव दुसऱ्या दिवशी बायकोला घेऊन बुलडाण्याला पाया पडायला गेला होता, एवढंच मला माहीत होतं.

“कोनं सांगतलं होतं त्याले मले बोलवाले?” सिस्टरांनी विचारलं.

“यायनंच,” भावजय म्हणाली. “माइकवाल्याच्या कानात जाऊन सांगे. तीनदा.”

फाटक वाजलं आणि भाऊ आत आला.

तो बहिणीसारखाच होता, तसंच नाक, तसेच ताठ खांदे. डोक्याचा रुमाल सोडता सोडता तो थांबला. आमच्याकडे, बायकोच्या हातातल्या फोनकडे, मग बहिणीकडे त्याची नजर फिरली.

“आली का, अक्का?”

“कामाले आली.”

“जेवून जाजो.”

“नाही.”

त्यानं रुमाल खांद्यावर टाकला. आत गेला नाही, बाहेरही गेला नाही. पाण्याच्या टाकीशी पाय धूत राहिला, नुसता धूतच राहिला. मी जुन्या फोनमधला व्हिडिओ काढला, नवी आवृत्ती घेतली, ती बसेपर्यंत बघत राहिले. गेम उघडला. भावजयीनं शेजाऱ्यांची यादी दाबली, आणि तिथं पहिल्याच ओळीत होतं: आत्याचं वावर, पायरी एकशे बारा. तिनं त्यावर बोट टेकवलं. हिरवा, पिवळा, आडवा-उभा तो सगळा पसारा समोर उघडला. गहू खरंच पिकून उभा होता.

सिस्टरांनी तोंडावर हात ठेवला. मी कोडचा फोटो काढला. त्यांनी तो कागदावरही लिहून घेतला, माझ्याकडून वाचून घेतला, भावजयीकडून वाचून घेतला.

आम्ही निघालो तेव्हा भाऊ फाटकापर्यंत आला. “आलीच आहे तं वावर पाहून जातं का?” तो खाली बघत म्हणाला. “कपाशी बरी आहे यंदा.”

“माह्या वावराचंच काम काढून आली,” सिस्टर म्हणाल्या. “ते निस्तरू दे पहिले.”

ऑटोत त्या गावाकडे पाठ करून बसल्या. मी माझ्या फोनमधल्या त्या व्हिडिओचा विषय काढला नाही. दोन दिवसांनी त्याच म्हणाल्या, “ते लग्न माह्या टॅबवर टाकून दे.”

कंपनीला पत्र मी इंग्रजीत लिहिलं. लिहिताना एक वाक्य टाकलं की गेम अचानक नाहीसा झाला. सिस्टरांनी मला ते मराठीत सांगायला लावलं.

“अचानक कसा? तूनं काढला ना?”

“तसं लिहिलं तर ते म्हणतील तुमचीच चूक.”

“माहीच आहे, तुही बी आहे. लिही.”

लिहिलं: माझ्या भाडेकरूनं न वाचता गेम काढला आणि मी सात वर्षं खातं जोडलं नाही. दोन दिवसांनी कंपनीनं प्रश्न पाठवले. वावराचं नाव, पायरी, टॅब कोणता, शेवटचं कधी खेळलात, तेव्हा काय पेरलं होतं. शेवटचं विचारलं तेव्हा सिस्टर न थांबता सांगत गेल्या, वाफ्यावार, वॉर्डात पेशंट सोपवताना सांगावं तसं. उत्तर गेलं, आणि मग नऊ दिवस काहीच आलं नाही.

ते नऊ दिवस त्या घरात मोठ्यानं भांडं ठेवायचीही मला भीती वाटायची. त्या रागावल्या असत्या तर सोपं गेलं असतं. त्या नेहमीसारख्या वागत होत्या, फक्त मी काही सांगितलं की खरं मानण्याआधी एक क्षण थांबत होत्या. दूध आलं का, गॅस बंद केला का, असल्या साध्या गोष्टींतही. तो क्षण मला रोज दहा वेळा टोचे. पाचव्या दिवशी मी म्हटलं, मी दुसरी खोली बघते. त्या पोळ्या लाटत होत्या. “चुकी झाली म्हनून नर्स वॉर्ड सोडून जाते का?” एवढंच म्हणाल्या आणि मला लाटणं दिलं.

क्लासमध्ये मी शिकवणं बदललं. काहीही काढायच्या आधी पोरांना विचारायला लागले, जुनं कुठं आहे? दाखव. तिथं उघडून दाखव. त्यांना वाटलं मॅडमना काहीतरी झालंय.

दहाव्या दिवशी सकाळी पत्र आलं. वावर परत मिळालं होतं. कंपनीनं सांगितल्याप्रमाणे मी टॅबवर कोड घातला. सिस्टर माझ्या खुर्चीमागे उभ्या होत्या, त्यांचा हात माझ्या खांद्यावर होता आणि तो जड होता. चित्र आलं. चाक फिरत राहिलं. इतका वेळ फिरलं की मी डोळे मिटले.

“गहू आहे,” सिस्टर म्हणाल्या.

गहू होता. कोंबड्या उपाशी होत्या, तीन झाडं वाळली होती, पण एकूण एक वाफा जागेवर होता. मी टॅब त्यांच्याकडे दिला. त्यांनी घेतला नाही. “पहिले नावावर कर.” मी त्यांच्यासाठी ईमेल काढला, खातं जोडलं, टॅबनं जोडलं गेल्याचं सांगितलं, तर त्या म्हणाल्या, तुझ्या फोनवर उघडून दाखव. तिथं उघडलं. तेव्हा कुठे त्या बसल्या, आणि पहिल्यांदा मी त्यांना गहू कापताना पाहिलं. दार लोटलेलं नव्हतं.

देऊळघाटच्या सातबाऱ्याचं पुढे काही झालं नाही. भाऊ एकदा कपाशी विकायला बुलडाण्याला आला तेव्हा ओसरीवर टेकून पाणी पिऊन गेला. दोघं पिकाबद्दल बोलले, नावाबद्दल बोलले नाहीत.

जानेवारीत एका दुपारी भावजय एकटीच आली. पिशवीत मेथीच्या जुड्या होत्या आणि रुमालात गुंडाळलेला तडा गेलेला फोन.

“अक्का,” ती म्हणाली, “माह्यं बी वावर पाहुनीचंच आहे ना? ते तुमच्यासारखं करून द्या.”

मी हात पुढे केला. सिस्टरांनी माझ्या आधी फोन घेतला. “मी करते. तू नुसती पाह्य.”

चष्मा नाकावर चढवून त्या एकेक पान वाचत गेल्या. मी बघत होते. एकदाही अडल्या नाहीत. मग खात्याच्या मालकाचं नाव विचारणारी पाटी आली.

“नाव सांग.”

भावजयीनं सवयीनं नवऱ्याचं नाव सांगितलं. सिस्टरांचं बोट काचेवर न टेकता तसंच राहिलं.

“पेरलं कोनं?”

“मीनं.”

“इतके साल पानी कोनं देल्लं? माह्या झाडाले बी?”

“मीनंच.”

“मंग नाव कोनाचं टाकाचं?”

तिनं दाराकडे बघितलं. दारात कोणी नव्हतं. पदराचं टोक तिनं बोटाला गुंडाळलं, सोडलं, आणि मग ती हळूच म्हणाली, “वच्छला.”

सिस्टर एकेक अक्षर शोधून दाबायला लागल्या. शेवटचं अक्षर पडल्यावर भावजय पुढे वाकली. तिनं पाटीवरचं ते नाव बघितलं आणि घाबऱ्या आवाजात विचारलं, “नुसतं एवढंच? समोर कोनाचं नाव नाही?”

“एवढंच पुरते,” सिस्टर म्हणाल्या, आणि फोन तिच्या हातात देऊन खालच्या हिरव्या बटणाकडे बोट दाखवलं.

तिनं ते स्वतः दाबलं.